नवस मोठ्यानं फेडायचा असतो

रागावण्यात आमच्या शेजारच्या मावशींचा हात धरील असं माणूस अख्ख्या रत्नागिरी जिल्ह्यात नाही, आणि कुठे असलंच तर त्यानं चार दिवस मावशींकडे शिकायला येऊन राहावं. तुम्हीआम्ही कारण सापडलं की रागावतो. मावशी सकाळी उठतात त्याच रागावून. कारणं मागाहून येतात आणि मुकाट्यानं रांगेत उभी राहतात. आमच्या आणि त्यांच्या परसात जांभ्याचा एक गडगा आहे, तोही कमरेइतकाच, त्यामुळे गेली कित्येक वर्षं माझा दिवस त्यांच्या आवाजानं उजाडतो. मावशी बेने इस्राएल, म्हणजे आपल्या कोकणातल्या ज्यू. यांचे पूर्वज तेलाचा घाणा चालवायचे आणि शनिवारी बैल सोडून ठेवायचे, म्हणून लोक त्यांना शनवार तेली म्हणत. बाकीची घरं मुंबईला नाहीतर थेट इस्राएलला गेली. आमच्या गावात आता हे एकच घर उरलंय आणि त्या घरात मावशी एकट्या. पण नव्या माणसाला हे सांगून पटत नाही, कारण आवाज दहा माणसांचा येतो.

दहा माणसांवरून आठवलं. त्यांच्यात चारचौघांत म्हणायच्या प्रार्थनेला दहा पुरुष लागतात. दहांतला एक पेंगत असला तरी चालतो, एकाला अक्षर लागत नसलं तरी चालतो, पण सगळं तोंडपाठ असलेली बाई मोजत नाहीत. मावशींचे यजमान गेले तेव्हा आठवं नि नववं माणूस चिपळूणहून आलं आणि दहावं येईपर्यंत सगळे खोळंबून बसले. रडून रडून कोरडी झालेली विधवा दारात उभी राहून म्हणाली, "अरे, मी काय खांब हाय काय इथं?" हे सांगताना त्यांचा आवाज आजही तसाच चढतो, आणि ऐकताना माझाही.

धर्म मात्र त्या पाळतात तो डोळ्यांत तेल घालून. खवले नसलेली मासळी त्यांना चालत नाही. म्हणजे कोलंबी, कुर्ल्या, मोरी सगळं बाद. मासळीवाली एकदा म्हणाली, "खवलं नायत तर नायत मावशी, चव तर हाय!" तर "ती चव तुझ्या घोवाला घाल," असं म्हणून टोपली परत तिच्या डोक्यावर चढवली. आमच्याकडे कोलंबीचं कालवण रटरटायला लागलं की गडग्यापलीकडून हाक येते, "झाकण ठेव गो त्याच्यावर! देवानं मला नाक दिलंय, नाकाला झाकण नाय दिलं!" दूध आणि मटण एकमेकांना शिवता कामा नये, म्हणून दुधाची भांडी एका फडताळात, मटणाची दुसऱ्या. मटणाच्या रश्शाला घट्टपणा हवा तर नारळाचं दूध, गाईच्या दुधाचा थेंब नाही. कुठलं पातेलं कुठल्या कुळातलं हे फक्त मावशींना ठाऊक, आणि शेजारधर्मानं थोडंफार मला.

नोकरीची सारी वर्षं त्यांनी सरकारी दवाखान्यात बाळंतपणं करण्यात घालवली. तिथेही त्यांची पद्धत जगावेगळी. इतर सिस्टर कळा देणाऱ्या बाईला गप्प राहायला सांगत, मावशी सांगत, "ओरड गो! बाईला आयुष्यात मोकळेपणी ओरडायची ही एकच वेळ, ती पण फुकट घालवू नको." एकदा एका मुलीची सासू आत डोकावून कुजबुजली, "हळू गो बाय, भायेर बाप्ये बसलेत." मावशी तशाच हातमोज्यांनिशी बाहेर गेल्या आणि बाकावरच्या पुरुषांना म्हणाल्या, "आवाजाचा कोणाला त्रास होतोय? त्यानं आत यावं. मी त्या बाईला उठवते, तुम्ही झोपा तिथं." मोठ्या डॉक्टरांकडे तक्रार गेली. डॉक्टरांनी समज द्यायला बोलावलं, तर मावशींनी त्यांनाच कथा ऐकवली, की देवानं खुद्द अब्राहामला बजावलं होतं, तुझी बायको सारा सांगेल ते ऐक. "बायकोचं ऐक म्हणून सांगायला देवाला यावं लागलं डॉक्टरसाहेब, यातच काय ते समजा."

त्यांचा एकुलता एक मुलगा इस्राएलला असतो. लग्नाला वर्षांमागून वर्षं झाली, मूल होईना. तेव्हा मावशींनी नवस केला: मूल झालं तर मलिदा करीन, आणि मलिद्याच्या ताटासमोर माझ्या आईचं गाणं मी स्वतः म्हणीन. मलिदा म्हणजे यांच्याकडचा नवस फेडायचा विधी. ताटात भिजवलेले पोहे, गूळ, ओलं खोबरं, वेलची, वर पाच फळं. चार माणसं जमवायची आणि एलियाहू नबीचं, म्हणजे त्यांच्या जुन्या प्रेषिताचं, नाव घ्यायचं. आणि आईचं गाणं म्हणजे जात्यावर बसून मावशींच्या आईनं रचलेलं हन्नाचं गाणं. हन्ना ही त्यांच्या धर्मकथेतली मूल नसलेली बाई. देवाच्या दारी जाऊन ती मूल मागते, पण नुसते ओठ हलतात, आवाज फुटत नाही. मावशींच्या आईला ते बघवलं नसावं. तिनं गाण्यात हन्नाला चांगला खणखणीत आवाज दिला आणि प्रत्येक कडव्यात देवाशी भांडायला लावलं. "हन्ना गेली देवाच्या दारी, ओटी तिची रिकामी" अशी सुरुवात होते, आणि शेवटच्या कडव्यापर्यंत देव पुरता नमलेला असतो.

देव इथेही नमला. नात झाली. ती चालायला लागल्यावर मुलगा, सून आणि सुनेचा भाऊ अशी सगळी मंडळी नवस फेडायला आली. हा भाऊ तिकडच्या कुठल्याशा पाठशाळेत धर्म शिकलेला. आईबाप कोकणातलेच, त्यामुळे मराठी मोडकी का होईना बोलायचा. पण मावशींकडे बघून एक शब्द बोलायचा नाही, जे काय सांगायचं ते मेहुण्याच्या कानात. मलिद्याच्या आदल्या दिवशी मी पोहे निवडायला गेले होते, तेव्हा त्यानं कानात सांगितलेलं मुलाच्या तोंडून बाहेर पडलं. पुरुषांनी परक्या बाईचं गाणं ऐकू नये असं शास्त्र आहे, तेव्हा आईनं उद्या गाऊ नये.

"मला चालतं गं आई," मुलगा खाली बघत म्हणाला. "पण त्याला चालत नाय. तू मनातल्या मनात म्हण ना. हन्नासारखं."

मी पोह्यांचं सूप खाली ठेवलं. हन्नाचं नाव त्यानं घ्यायला नको होतं.

"हन्नासारखं?" मावशी उठल्याच. "हन्नानं मनातल्या मनात म्हटलं तेव्हा काय झालं, शिकवलं नाय तुझ्या शास्त्र्यानं? ओठ हलतात नि आवाज नाय म्हणून त्या मेल्या पुजाऱ्यानं तिला दारुडी ठरवलं. मनातल्या मनात म्हटलं तर दारुडी, मोठ्यानं म्हटलं तर निर्लज्ज! बाईनं म्हणायचं तरी कुठल्या पट्टीत? उद्या जे बाप्ये येणार ना, त्यातले निम्मे माझ्या हातावर पहिल्यांदा रडलेत. त्यांचा आवाज मी ऐकला, मग माझा त्यांना विषारी होतो काय?"

मुलगा म्हणाला, "आई, माझ्यासाठी."

झालं. या दोन शब्दांनी जगातल्या किती आया गप्प केल्या असतील देव जाणे. मावशी खाली बसल्या आणि म्हणाल्या, "बरं. आवाज नको ना? नाय येणार आवाज." आणि त्यांनी तोंड मिटलं ते मिटलंच.

मावशींचा राग मी पुष्कळ पाहिलाय, पण ते गप्प बसणं त्याच्या दसपट भयंकर होतं. दुसऱ्या दिवशी सकाळी घरात कोणाला काही सापडेना. प्रार्थनेला लागणारं मनुकांचं सरबत कुठे, वास घ्यायच्या सब्जाच्या काड्या कुठे, मलिद्याचं मोठं ताट कुठे? मावशी देवडीवर बसून नारळ खवत होत्या आणि विचारणाऱ्याकडे शांतपणे बघत होत्या. त्यातच पाहुण्यांना चहा हवा झाला. सूनबाई मुलीला न्हाऊ घालत होती, म्हणून तिचा भाऊ, म्हणजे आमचे शास्त्रीबुवा, स्वतःच स्वयंपाकघरात शिरले, फडताळातून एक पातेलं काढलं आणि दारात येऊन पहिल्यांदाच मावशींना थेट म्हणाले, "हे दुधाचं, ना?"

ते मटणाचं होतं. आदल्या रात्रीचा रस्सा त्याच पातेल्यात झाला होता. मावशींनी पातेल्याकडे पाहिलं, बुवांकडे पाहिलं आणि पुढचा नारळ उचलला. न बोलण्याला होकार समजायची पुरुषांना जुनी सवयच आहे. बुवांनी दोन लिटर दूध त्या पातेल्यात ओतून गॅसवर ठेवलं, वर आलं तेव्हा मोठ्या कौतुकानं ढवळलं. मलाही पातेलं कळलं होतं. मीही गप्प राहिले, आणि सांगायला हरकत नाही, मला फार बरं वाटलं.

मुलगा आत आला आणि किंचाळला. पातेलं बाद, दूध बाद, डाव बाद, आणि धर्म शिकून आलेल्या माणसाचा चेहरा उकडलेल्या सुरणासारखा. "आई, तू सांगितलं का नाहीस?" मावशी खवत राहिल्या. मग मीच म्हटलं, "यांना बाईचा आवाज चालत नाही ना? म्हणून नाही सांगितलं." सून न्हाणीघराच्या दारात उभी होती, तिनं मुलीच्या टॉवेलमध्ये तोंड लपवलं आणि तिचे खांदे हलायला लागले.

मलिदा झाला. पुरुषांनी प्रार्थना म्हटल्या, मुलानं तिकडून आणलेल्या चालीवर. जुन्या चालीत मुरलेले, नात्यातले चिपळूणचे काका मधेच भलतीकडे निघून जायचे आणि खाकरून परत यायचे. शेवटी तेच म्हणाले, "वहिनी, तुमचं हन्नाचं गाणं?" मावशींनी नाही म्हणून मान हलवली. ताट वाटलं गेलं. नवस तसाच राहिला होता, आणि त्या पंगतीत ते सगळ्यांना कळत होतं.

पाहुणे राहिले तेवढे दिवस मावशी मुलाशी बोलल्या नाहीत. निघायच्या सकाळी मुंबईची गाडी दारात लागली. ड्रायव्हर सामान चढवत होता, शेजारपाजारचे निरोपाला जमले होते. मुलगा पाया पडला आणि म्हणाला, "आई, काहीतरी बोल ना गं." मावशींनी नातीला कडेवर घेतलं, तिच्या डोक्यावर हात ठेवला, आणि अंगणाच्या मधोमध उभं राहून गायला सुरुवात केली. अगदी मोठ्यानं. आवाज आता पूर्वीचा राहिलेला नाही, वरच्या सुराला फाटतो. पण त्यांनी कुठे म्हणून सूर खाली आणला नाही. बुवा लगबगीनं गाडीत बसले आणि काचा वर केल्या. त्यांनी आतून मेहुण्याला खूण केली, मग हॉर्न वाजवला. मुलगा दाराच्या मुठीवर हात ठेवून उभा होता. त्यानं दार उघडलं नाही. सगळी कडवी संपली तशी मावशींनी मूल सुनेच्या हातात दिलं आणि म्हणाल्या, "फिटला नवस. जा आता, उशीर होईल."

गाडी वळणावरून दिसेनाशी झाली. लोक पांगले. मी चहा घेऊन गेले तर मावशी देवडीवर बसल्या होत्या. मला वाटलं, आता बुवाचा, शास्त्राचा, मुलाचा, सगळ्यांचा उद्धार होणार. मी तर त्याची वाटच बघत होते. पण त्यांचे डोळे रस्त्याकडेच होते.

"तो उभा रायला गो," त्या म्हणाल्या. "गाडीत नाय बसला."

एवढ्या हळू आवाजात बोललेल्या मावशी मी कधीच ऐकल्या नव्हत्या. जन्मभर जिनं आवाज खाली घेतला नाही, तिला लेकाचं नुसतं उभं राहणं पुरलं. मला नाही पुरलं. मी अजून रागावलेली आहे, आणि आताशा आमच्या गडग्यावर रोज सकाळी आवाज चढतो तो बहुतेक माझाच.