बोटभर मळकी कड

मंगळवारी सकाळी नऊ चाळीसला मावशींनी झारीच्या तोटीभोवती ओला बोळा गुंडाळला आणि घड्याळाकडे पाहिलं. जुना चिकटवलेला सांधा मऊ व्हायला वीस मिनिटं लागतात. ही झारी अकरा वर्षांपूर्वी त्यांनीच अठ्ठावीस खापरांतून उभी केली होती. आज ती त्यांनाच उकलायची होती.

संग्रहालयाच्या तळघरातल्या या खोलीला एकच खिडकी, तीही रस्त्याच्या पातळीवर, त्यामुळे जाणाऱ्यायेणाऱ्यांचे फक्त पाय दिसतात. खिडकीखाली लांब टेबल, टेबलावर वाळूने भरलेली परात. जोडलेलं भांडं वाळेपर्यंत तिच्यात रोवून ठेवायचं. मावशींचं वय सत्तावन्न, इथे तीस वर्षं. आल्या त्या झाडलोट करायला. एकदा केरात गेलेलं खापर त्यांनी शोधून आणलं आणि ते कुठल्या भांड्याचं हेही सांगितलं. खापरं जोडणारे मास्तर म्हणाले, "झाडू ठेव, ब्रश घे." मास्तर जाऊन आता नऊ वर्षं झाली.

मावशींचे यजमान निवृत्त बसचालक. त्यांचा टोमणा ठरलेला: "घरच्या कपाला वर्षभर कान नाही, आणि ही हजारो वर्षांच्या भांड्यांना तोट्या लावते!"

मावशींचं उत्तरही ठरलेलं: "तुमचा कप अजून तेवढा जुना झाला नाही."

भानगड शुक्रवारी सुरू झाली. संग्रहाची जबाबदारी नव्याने घेतलेल्या मॅडमनी झारी खिडकीपाशी नेऊन भिंगाखाली धरली.

"मावशी, हे बघा. झारीची माती बारीक, आतून करडी. तोटीची विटकरी, त्यात जाड वाळू. एका गोळ्यातून ही दोन्ही निघणार नाहीत."

"खापरं एकाच खड्ड्यातली होती, मॅडम."

"खड्ड्यात दहा घरांचा कचरा असतो."

हे खरं होतं.

संग्रहाची सूची छपाईला जायची होती. झारीपुढे 'जोडणीत चूक, दोन भांडी एकत्र' अशी ओळ पडली, तर मावशींनी जोडलेली उरलेली दोनशे तेरा भांडीही पुन्हा तपासावी लागणार होती. तोवर प्रत्येकापुढे शंकेची खूण. तीस वर्षांचं काम एका तोटीपायी संशयात.

"चुकले असेन तर तसं लिहा," मावशी म्हणाल्या होत्या. "पण उकलायची ती मीच. दुसऱ्या कोणाच्या हातात देऊ नका."

दहाला तोटी सुटली. मॅडम शेजारीच उभ्या होत्या. तोटीच्या बुडाची कड स्वच्छ होती, एका जागी मात्र बोटभर काळपट.

"एवढी धुवायची राहिली?"

"राहिली नाही, ठेवली. मास्तरांचा नियम. प्रत्येक भांड्याची एक कड बोटभर मळकी ठेवायची. म्हणायचे, 'आपण काय धुऊन टाकलं ते आज कळत नाही, बाई.' मी एकदा हट्टाने सगळं चकाचक केलं, तर आठवडाभर बोलले नाहीत. आणि त्याआधी जे बोलले, ते तर विचारूच नका."

मॅडमनी भिंग लावलं. काळपट थराला चकाकी होती. त्यांनी सुई तापवून टेकवली. माती वितळत नाही. हे वितळलं आणि झाडाच्या राळेचा वास आला.

"तुम्ही लावलेलं नाही ना?"

"माझं पांढरं असतं. हे त्याच्या खाली आहे."

तोटीच्या आतल्या बाजूला, त्याच बोटभर जागेत, पाण्याचा पांढरा खार साचला होता. तो राळेच्या वर होता. म्हणजे राळ आधी लागली आणि पाणी नंतर, बरीच वर्षं वाहत राहिलं. भिंगाखाली तोटीच्या बुडावर घासल्याचे ओरखडेही दिसले.

कोणाच्या तरी झारीची तोटी मोडली होती. त्या माणसाने दुसऱ्या फुटक्या भांड्याची तोटी घेतली, मापात बसेपर्यंत दगडावर घासली, राळेने चिकटवली आणि पाणी ओतायला लागला. तोटी घासणारा हात घाईचा नव्हता, ओरखडे एकसारखे आहेत. नवी झारी का केली नाही, हे खापर सांगत नाही.

"म्हणजे जोडणी बरोबर आहे," मॅडम म्हणाल्या.

"अर्धीच. उरलेली राळ मी ब्रशने घासून टाकली की. तेव्हा मला चिखल वाटला. तेही लिहा."

मॅडमनी ते लिहिलं. वरची ओळ बदलून 'जुनी दुरुस्ती, वापरातली' अशी केली. दोनशे तेरा भांडी आपापल्या जागी राहिली.

दारावरच्या पहारेकऱ्याने आत डोकावून विचारलं, "काय मावशी, नोकरी राहिली की गेली?"

"राहिली, भाऊ. पण ही जोडकामाची जागा माझ्याआधीच भरली होती म्हणे, दोन-तीन हजार वर्षांपूर्वी."

दुपारी मॅडम कामाच्या नियमांचा कागद घेऊन खाली आल्या. त्यात एक नियम वाढवायचा होता.

"कोणाचा म्हणून लिहू?"

"मास्तरांचा. मी नुसता पाळला, तोही ओरडा खाऊन." मावशी तोटीला नवा सांधा देत होत्या. मळक्या बोटभर जागेला त्यांनी काही लावलं नाही. "त्यांनी हातात ब्रश दिला, त्याचे उपकार मी मानतच होते. ओरडल्याचे मानायचे राहिले होते."

कागद नळाच्या वर चिकटवला आहे. झारी परातीतल्या वाळूत आहे, गुरुवारपर्यंत हलवायची नाही. उद्या बुधवार. साडेनऊला ट्रे क्रमांक चारशे बारा उघडेल. त्यात सदतीस खापरं आहेत, बहुधा एकाच माठाची. नळ सुरू करण्याआधी मावशी त्यातल्या एका खापराची कड बोटभर कापडाने झाकून घेतील.