मापेकाकांचा पॅलिओ ब्रंच

वजनमापे खात्यात निरीक्षक होते तोवर काकांचा दरारा होता. त्यांना लांबून पाहिलं तरी दुकानदार तराजू पुसायला घ्यायचे. निवृत्त झाल्यावर तपासायला उरल्या काकू, आणि काकूंनी जन्मात कधी मीठसुद्धा मोजून घातलं नव्हतं. मग काकांनी आदिमानव धरला, म्हणजे त्याचा तो पॅलिओ आहार. तो म्हणे धान्य, कडधान्य, साखर, दूध यांना शिवत नसे, म्हणून ठणठणीत असे. इतका ठणठणीत होता तर मेला कशानं, असं काकूंनी एकदा विचारलं होतं. पण अडाण्यांच्या प्रश्नांना उत्तरं द्यायची नाहीत हा खात्यातला नियम काकांनी घरीही चालू ठेवला.

त्यांची लेक बरीच वर्षं इंडोनेशियात काढून परत आली होती. शेजारच्याच गल्लीत घर घेतलं होतं आणि सोमवारपासून नोकरीवर जायचं होतं. नातीला दिवसभर आजीआजोबांकडे ठेवायचं की पाळणाघरात, हे रविवारी येऊन ठरवणार होती. काकूंनी देवापुढे दुसरं काही मागणंच सोडून दिलं होतं.

काकांनी जाहीर केलं, रविवारी स्वयंपाक मी करणार. पोरीच्या जिभेला तिकडची आणि तिथल्या चिनी शेजाऱ्यांकडची चव लागलेली, तेव्हा चव त्यांची आणि नियम पॅलिओचे. वर याला ब्रंच म्हणतात, हेही समजावलं. नाश्ता आणि जेवण यांच्या मधलं. म्हणजे दोन्ही वेळी उपाशी, हे काकू मनातल्या मनात म्हणाल्या.

सकाळपासून ओट्यावर वजनकाटा मांडून काका उभे. तिकडचा परतलेला भात करायचा, पण तांदूळ चालत नाही, म्हणून फ्लॉवर किसला. कोंबडीच्या तुकड्यांना शेंगदाण्याची चटणी हवी, पण शेंगदाणा पडला कडधान्याच्या जातीचा, म्हणून बदाम वाटले. सोया सॉस तर सोयाबीनचाच, मग मीठ, लिंबू आणि खजूर. चिनी सुपात आलं, चक्रीफूल घातलं, आणि नूडल्सच्या जागी दुधीच्या लांब सळ्या सोडल्या. वास बरा सुटला होता, हे काकूही कबूल करतील. पण पाहुण्यांना ज्याचं नाव सांगायचं ते त्यात औषधालाही नव्हतं.

लेक आली, नात आली. काकांनी प्रत्येकाचा वाटा काट्यावर घालूनच ताटात वाढला. नातीनं फ्लॉवर एकदा तोंडात घातला आणि तसाच गालात धरून बसली. लेक हसली. तिनं पिशवीतून तिकडचा काळा गोड सॉस काढला आणि पोरीच्या ताटात चार थेंब टाकले. झालं, पोर मान खाली घालून खायला लागली. काकूंच्या जिवात जीव आला.

काकांनी बाटली उचलली. चष्मा चढवून पाठीवरचं बारीक अक्षर वाचलं. सोयाबीन, साखर, गहू. आणि भेसळीचा माल दुकानातून उचलावा तसं त्यांनी नातीचं ताट उचललं आणि कपाटावर ठेवलं. पोरीचा घास हातातच राहिला. ती रडलीसुद्धा नाही, नुसती कपाटाकडे बघत बसली.

"बाबा, ती जेवत होती."

"नियम सगळ्यांना सारखा. आज सोडला तर उद्या कोण पाळेल?"

काकू उठल्या. बायकोनं खुर्चीवर चढणं काकांना कधीच पसंत नव्हतं, पण त्या चढल्या, ताट खाली आणलं आणि नातीला स्वतःच्या हातानं भरवू लागल्या. देवानं लेकराला भूक दिली ती काट्यावर घालून दिली नाही, एवढंच त्या बोलल्या, तेही नातीकडे बघत.

लेक म्हणाली, "पाळणाघर नको. पण तिला इथेही नाही ठेवणार. आई, तूच सकाळी माझ्याकडे येत जा."

काकूंनी दुसरा घास भरवता भरवता मान हलवली. डोळे भरून आले होते, पण घास सांडला नाही.

काका वजनकाटा बंद करत म्हणाले, "आणि मी?"

"तुम्हीही या. पण तिच्या ताटाला हात लावायचा नाही."

एवढं सोपं होतं. कुणीही आजोबा घास गिळायच्या आत हो म्हणाला असता. काकांनी विचार करायला सोमवारपर्यंत मुदत मागितली.