वाळवीमायचं वाकडं नाक

आमच्या शेजारचे भाऊ चहापासून पावसापर्यंत सगळ्यात खोट काढायचे. गावची देवी, वाळवीमाय, सावरीच्या लाकडाची. वाळवीनं पोखरून तिची माती झाली, की ती माती धानाच्या शेतात, बांधीत मिसळायची आणि नवी माय कोरायची. हे काम भाऊंचं. यंदा त्यांचे हात फार थरथरत होते. त्यांनी पटाशी सुनेपुढे ठेवली.

ती घाबरली. "मामाजी, मले नाई जमणार."

"नाई जमलं त वाळवी खाऊनच टाकन ना! कर."

मायचं नाक वाकडं झालं. सारा गाव भाऊंच्या तोंडाकडे पाहू लागला. त्यांनी पुढे होऊन सगळ्यांआधी मायपुढे डोकं टेकवलं. उठताना आधाराला सुनेचा हात धरला, तो घरापर्यंत सोडला नाही.