वाघदेवावर वाळत घातलेले मोजे

मंडळी, आत्ताच पेठकडच्या ट्रेकहून घरी आलोय. डोकं अजून सुन्न आहे.

वाटेतल्या एका पाड्याच्या शिवेवर एक लाकडी फळी रोवलेली होती. तिच्यावर वाघ, चंद्र, सूर्य कोरलेले, शेंदूर लावलेला. आमचा गाईड काशिनाथदादा त्याच पाड्यावरचा. जातानाच त्याने सांगितलं होतं, "हा आमचा वाघदेव. गुरांना राखतो."

परत येताना ओढ्यात सगळ्यांचे पाय भिजले. आमच्यातल्या एकाने ओले मोजे काढले आणि सरळ वाघदेवावर वाळत घातले! वर म्हणतो, "भारी स्टँड आहे रे!"

मला वाटलं, आता दादा भडकणार. पण त्याने मोजे उचलले, देवाच्या पाया पडला आणि मोजे हसून परत दिले.

मी त्याला बाजूला घेतलं. "दादा, झापलं का नाही त्याला?"

"मागं एका मॅडमला हितं बूट काढा बोललो. तिनं ट्रेकवाल्यांना लिवलं, गाईड उद्धट हाय. मंग लय दिवस मला बोलावलंच नाय."

आता ट्रेकवाल्यांचा मेसेज आलाय, 'गाईडची वागणूक कशी वाटली?'

देवावर मोजे टाकले तरी हसत होता, असं लिहू? पाच स्टार पक्के मिळतील त्याला.

तुम्ही काय लिहिलं असतं?