‘क्वाइट गुड’चे पेढे

टीव्हीवर जेवढ्या गोष्टी दिसतात, त्याच्या दहापट त्या लिहिणाऱ्यांच्या चहाच्या कपात बुडून मरतात. मी बारा वर्षं ब्रिस्टलमध्ये हॉस्पिटलच्या एका मालिकेचे एपिसोड लिहितोय, त्यामुळे असा बुडालेला माल माझ्याकडे भरपूर. थोडा फुगलाही असेल. पाण्यात राहिला की फुगतोच.

त्याआधी मी बेसिंगस्टोकला सॉफ्टवेअर टेस्टिंग करायचो. दुसऱ्यांच्या चुका काढायचा पगार मिळायचा. माझी बायको मेधा म्हणायची, घरी हेच काम फुकट करतोस, नोकरी सोडू नकोस. मी सोडली. आपल्या नावाची एक मालिका यावी, एवढंच डोक्यात.

*

पहिली स्क्रिप्ट दिली. आमची स्क्रिप्ट एडिटर फिओना. तिचा ईमेल आला, ‘क्वाइट गुड.’ मी अख्ख्या मित्रमंडळींत पेढे वाटले. आठवड्याने कळलं, इंग्रजांच्या तोंडी ‘क्वाइट गुड’ म्हणजे ‘ठीक आहे, पुन्हा लिही.’ सात वेळा लिहिलं.

मेधाने शांतपणे विचारलं, “पेढे परत मागायचे, की सातदा वाटायचे?”

*

आमचे वैद्यकीय सल्लागार म्हणजे कॉव्हेंट्रीचे डॉक्टर जोशी. मालिकेत चुकीचं इंजेक्शन दिसलं की यांचा फोन आलाच. एकदा मी विचारलं, डॉक्टर, पेशंट हॉस्पिटलला आल्यापासून चाळीस मिनिटांत मरायला हवा, कुठला आजार देऊ?

“चाळीस मिनिटं? अरे, तेवढ्यात त्याला पार्किंग मिळत नाही. आधी बसने आण त्याला.”

पेशंट बसने आला. आणि वाचला. जोशींनी मारूच दिला नाही.

*

मालिकेत एकदा मराठी घर दाखवायचं होतं. सेटवाल्यांनी सात पितळी हत्ती आणले. मी म्हटलं, हत्ती काढा, फ्रीजमध्ये आइस्क्रीमचा डबा ठेवा. खरेपणा हवा म्हणून मेधाच्या ठेच्याने भरलेला डबा मीच घरून नेला. लंचला आमच्या मुख्य सर्जनने, म्हणजे ते काम करणाऱ्या नटाने, चमचा घेऊन फ्रीज उघडला.

दुपारच्या सीनमध्ये तो पेशंटजवळ असा रडला, की फिओनाने मला हळूच विचारलं, “याने एवढा अभ्यास कधी केला?”

*

यंदा माझ्या स्वतःच्या मालिकेची मीटिंग लागली. अर्धा तास, पाच माणसं, एक टेबल. होय की नाही ते चॅनेलची ड्रामा हेड हेलन ठरवणार. पहिल्या भागाच्या शेवटी आई मुलाला भेटून पुण्याला परत निघते आणि दारात म्हणते, ‘येते.’ इंग्रजीत मी सरळ लिहिलं होतं, ‘आय ॲम कमिंग.’ फिओनाने ती टायपिंगची चूक समजून दोनदा सुधारली होती, मी दोनदा परत घातली होती.

हेलनने नेमकं तिथेच बोट ठेवलं. बाई जाते आहे की येते आहे? सरळ ‘गुडबाय’ करून टाकू या.

बारा वर्षांत मी सांगतील ते बदललं. नर्सेस मारल्या, सांगितल्यावर जिवंतही केल्या. इथे मात्र मान हलेना. म्हटलं, “आमच्यात दारातून निघताना ‘जाते’ म्हणत नाहीत. जाणारा परत येत नाही. ही परत येणार आहे.”

हेलनने घड्याळ पाहिलं, स्क्रिप्ट बॅगेत टाकली, कोट चढवला. दाराच्या मुठीवर हात ठेवून माझ्याकडे वळून म्हणाली, “आय ॲम कमिंग.”

आणि निघून गेली.

फिओना, हेलन आत्ता परत येईल म्हणून, हेलनची खुर्ची मागे ओढून धरून तशीच उभी होती.