बिननावाचा कोल्हा

कोल्ह्याच्या पिल्लाचं नाव मी बंड्या ठेवलं. इथे आखातात, रास अल खोरला एका व्हॅनवाल्याकडून ते विकत घेणं ही खरं तर आधीची चूक. पण चाचांच्या लेखी नाव ठेवणं जास्त वाईट.

चाचा रत्नागिरीकडचे, आमच्याच बिल्डिंगमध्ये खालच्या मजल्यावर राहायचे. उम्म अल कुवैनला एका अरबाच्या फार्मवर वीस वर्षं त्यांनी जनावरं सांभाळली आणि एकालाही नाव दिलं नाही. मालकाच्या दिवाणखान्यातल्या गालिच्यावर वाढलेला चित्तासुद्धा त्यांच्यासाठी नुसता ‘तो’. पुढे जंगली जनावरं घरी पाळायला बंदीचा कायदा आला आणि चित्ता सरकारी गाडीतून गेला. मालकाने नावाने हाक मारली, तेव्हा तो गजांवर तोंड घासत राहिला म्हणे. "नाव ठेवलं की हाक मारावीशी वाटते," चाचा सांगत. "हाक मारली की तो येतो. आला की खलास."

आमचा बंड्या सोफ्यावर झोपायचा, चहात बुडवलेलं बिस्किट खायचा. कसा माणसाळलाय बघा, असं मी पाहुण्यांना मिरवून सांगे. "माणसाळला नाय," चाचा म्हणाले, "तू बिघडवलास." सरकारात फोन कर म्हणाले. दंडाच्या भीतीने मी ते आज-उद्यावर ढकललं. अखेर पिल्लू त्यांनीच फार्मवर नेलं.

दोन महिने त्यांनी त्याच्याशी एक शब्द काढला नाही. मेलेले उंदीर वाळूत पुरायचे, ते त्याने हुंगून उकरायचे. माणूस जवळ आला की पत्र्याचा डबा बडवायचे. आम्हाला भेटायची बंदी. "इज ही स्केअर्ड ऑफ अस नाऊ?" माझी मुलगी रोज विचारायची. चाचा म्हणत, "इन्शाल्ला."

त्यांचा व्हिसा संपत आला होता. निघायच्या आदल्या दिवशी आम्ही वाळवंटात पिंजरा उघडला. कोल्हा बाहेर आला, वारा हुंगला आणि मागे न बघता टेकडी चढू लागला. कधी न हसणाऱ्या चाचांनी माझा हात दाबला. मी अगदी हळू म्हणालो, "जा हं, बंड्या."

त्याचे कान वळले. धावत आला आणि माझ्या चपलेवर बसला.

चाचांनी तिथूनच सरकारात फोन लावला. सरकारी गाडी येऊन बंड्याला घेऊन गेली. हा आता जन्मभर जाळीतच राहणार, असं तिथल्या डॉक्टरने सांगितलं.

विमानतळावर मी माफी मागितली. नकळत तोंडातून गेलं, म्हणालो. चाचा ट्रॉलीवर बॅगा रचत होते.

"कोल्हा दोन महिन्यांत शिकला," ते म्हणाले. "तू नाय शिकलास."