मेघोटीचं भजन

मोठे बाबा बसून कधी गायले नाहीत. सौसरच्या आमच्या मोहल्ल्यातलं भजनी मंडळ सतरंजीवर मांडी घालून बसायचं आणि हे दाराच्या चौकटीला खांदा लावून उभे. बोरगावच्या एका कारखान्याच्या गेटवर ते चौकीदार होते. दिवसभर तिथं उभं राहून यायचे आणि इथंही उभेच. कोणी 'बसा' म्हटलं की म्हणायचे, "तो उभा हाय न. मी कसा बसू?"

'तो' म्हणजे मेघोटीचा देव. मेघोटी नकाशात शोधू नका. माझ्या या मोठ्या काकांनी गेटवर उभ्याउभ्या तो मुलूख मनात वसवला होता. तिथल्या देवानं आभाळ डोक्यावर धरलेलं, कापसाच्या गाठीसारखं. रोज संध्याकाळी एक गाव भजन म्हणतं आणि तेवढा वेळ आभाळ आपल्या माथ्यावर घेतं. देव तेवढाच टेकतो. नियम एकच. सुरुवात करणाऱ्यानं शेवटची ओळ म्हणायची नाही. ती पुढच्या गावानं म्हणायची, म्हणजे भार त्यांच्याकडे गेला. तोवर आधीचीच ओळ घोळवत राहायचं. कोणी आलंच नाही, तर आभाळ खाली.

पेटीवाले गुरुजी चिडवायचे, "जामसांवलीच्या मारुतीले सांगा न, तो उचलन तुमचं आभाळ!"

"तो बिचारा आधीच आडवा झाला हाय," मोठे बाबा म्हणत, कारण तिथली मूर्ती निजलेलीच आहे, "त्याले काहून उठवता?"

मोठी आई, म्हणजे त्यांची बायको, तर सरळच बोलायची. "लोकाचं आभाळ उचलून रायले. घरची बकेट उचला आधी." ते निमूट बकेट उचलायचे आणि गुणगुणतच ठेवायचे.

मंडळातलं कोणी ती शेवटची ओळ घेत नसे, म्हणून ती माझ्याकडे आली. ते दारातून गात यायचे, मी आतून ओळ उचलायची, मग ते चपला काढायचे. मला कॉलेजात घालायची वेळ आली तेव्हा घरात बरीच कुरकुर झाली. त्यांनी एवढंच म्हटलं, "ते भार घेते. जाऊ द्या तिले." आमच्या घराण्यात पदवी घेतलेली मी पहिली. हे मी चारचौघांत सांगते, लाजत नाही. आता पांढुर्ण्याला शाळेत शिकवते, रोज बसनं जाते-येते.

मागच्या वर्षी लकव्यानं त्यांचं एक अंग गेलं. खाटेवर पडून राहावं लागलं, याचीच त्यांना जास्त शरम. एका संध्याकाळी मी शाळेतून आले, तर अडखळत म्हणाले, "आज तू उभी राय. शेवट मी म्हनतो." जन्मभर सुरुवात त्यांचीच. शेवटची ओळ त्यांनी कधी म्हटलीच नव्हती.

मी पर्स खांद्यावर असतानाच उभी राहिले आणि गायले. 'दमले खांदे, भरले पाय, कोणी येता का' इथं येऊन थांबले. तीच ओळ पुन्हा, पुन्हा. त्यांचे ओठ हलले, आवाज निघेना. डोळ्यांत भीती उतरली. खाली येणारं आभाळ त्यांना खरंच दिसत होतं. माझा दम सरत आला. शेवट मी म्हणू शकत नव्हते, सुरुवात माझी होती.

तेवढ्यात मोठी आई पदराला हात पुसत चुलीपुढून उठली. बेसूर, पण एक अक्षर न चुकता गायली:

"आलो गा, आलो आम्ही, सोड आता हात."

मोठे बाबा तिच्याकडे पाहतच राहिले. "तुले येत होतं?"

"रोज आयकून रायली. बहिरी थोडीच हाय."

मग ते डोळे मिटून निवांत झोपले. त्याच आठवड्यात ते गेले.

आता संध्याकाळी मोठी आई ओट्यावर गात असते. बसूनच. "माह्याच्यानं नाई होत उभं राहाणं," म्हणते. बसच्या गर्दीतून मीही दमून आलेली असते. पण तिला फार वेळ ओळ घोळवू देत नाही. फाटकातूनच शेवट म्हणते, मग चपला काढते.